मी काढलेला साठ फुटी रस्ता

आमच्या कॉलनीला रस्ता नाही. विकास आराखड्यात आहे, चांगला साठ फुटी, नाला ओलांडून थेट आमच्या दारावरून जाणारा. प्लॉट घेताना एजंटाने तो आराखडा सतरंजीवर पसरून त्यावरून बोट फिरवलं होतं. मी जन्मभर शाळेत कारकुनी केलेला माणूस, कागदावर शिक्का दिसला की मला सगळं खरंच वाटतं. जागेवर मात्र काळी माती, वेड्या बाभळी, आणि नाल्यात दोन सिमेंटचे पाइप टाकून आम्हीच केलेली पायवाट.

मला रस्ता हवा होता तो आईसाठी. तिला आठवड्यातून दोनदा डायलिसिसला न्यावं लागतं. रिक्षा नाल्यापलीकडे थांबते, तिथवर तिला धरून चालवायचं. बहीण सारखी म्हणायची, "दादा, आईला माझ्याकडे पाठव, इथे दारात गाडी येते." आई सांगोल्याकडची, हट्टी. "मी न्हाय जायची. हितं माझं घर हाय." रस्ता झाला तर आई घरात राहणार, नाहीतर बहिणीकडे जाणार, इतकी सरळ गोष्ट होती.

त्याच सुमारास शहर स्मार्ट करायला निघालेल्या लोकांनी नागरिकांची सभा घेतली. पडद्यावर उद्याचं सोलापूर दाखवलं. सायकलवरच्या बाया, हिरवळ, कुत्रं फिरवणारे आजोबा. अहो, मे महिन्यात आमच्याकडे कुत्रंसुद्धा गटारातून उठत नाही! शेवटी एक गोरागोमटा सल्लागार म्हणाला, "शहर तुम्हीच घडवायचंय. नकाशात भर घाला, माहिती द्या." बाकीचे नाश्त्याकडे वळले. मी मूर्ख, मी ते मनावर घेतलं.

घरी येऊन मोबाइलच्या नकाशात रस्ता काढला. आराखडा शेजारी ठेवून, जीभ दातात धरून, अगदी सरळ रेषेत. शेजारचे यंत्रमागवाले अण्णा चष्मा वर करून बघत होते. म्हणाले, "सर, थोडा रुंद काढा की, पैसे लागत नाहीत." अख्ख्या कॉलनीने रस्ता बरोबर आहे म्हणून बटणं दाबली. कुणी पाच तारे दिले, कुणी लिहिलं, लई भारी रस्ता. आठवड्याभरात रेष पक्की झाली. मग काय विचारता! चौकात माझ्या फोटोसकट फ्लेक्स लागला, अण्णांनी मोबाइल पाटावर ठेवून नारळ फोडला. न झालेल्या रस्त्याचं उद्घाटन करावं ते आम्हीच. खोटं कशाला बोलू, मला त्या दिवशी फार बरं वाटलं होतं.

मग गाड्या यायला लागल्या. नेहमीचा रिक्षावाला पाइपापाशी थांबायचा. मोबाइलवर बोलावलेले मात्र माझ्या रेषेवरून जाऊन वरच्या अंगाला बाभळीत अडकायचे. एकाने तिथूनच फोन केला, "चचा, रोड कां है? मोबाइल में तो है!" मी म्हटलं, मोबाइलमध्येच आहे बाबा. पुढे पुढे आमचा पत्ता दिसला की ते येणंच नाकारू लागले.

खरा रस्ता मागायला महापालिकेच्या पोर्टलवर अर्ज केला. तिसऱ्या दिवशी उत्तर, नकाशानुसार सदर ठिकाणी रस्ता अस्तित्वात आहे, सबब तक्रार निकाली. मी कार्यालयात गेलो. टेबलामागच्या पोराने स्क्रीन माझ्याकडे फिरवला. "हा बघा की काका. रेटिंग पण चांगलं आहे." रेष मी काढली म्हणून सांगितलं तर तो हसला, म्हणाला, मग पुसून टाका. पुसायला गेलो तर नकाशा ऐकेना. इतक्या लोकांनी खात्री दिलेला रस्ता एका माणसाच्या सांगण्यावरून नाहीसा होत नाही म्हणे.

श्रावणात नेहमीचा रिक्षावाला गावी गेला आणि आईचं एक डायलिसिस चुकलं. दुसऱ्या दिवशी सकाळी तिला धाप लागली. अॅम्ब्युलन्स बोलावली, ती गेली बाभळीत. लांबून नुसता भोंगा ऐकू येत होता. शेवटी अण्णांनी आणि मी आईला प्लॅस्टिकच्या खुर्चीत बसवून चिखलातून पाइपांवरून पलीकडे नेलं. अण्णांची चप्पल रुतली ती रुतलीच. आई खुर्चीचे हात घट्ट धरून बसली होती. ती शिव्या देत नाही तेव्हा मला भीती वाटते.

दवाखान्यातून ती परस्पर बहिणीकडे गेली. मी तिचे कपडे, तांब्या आणि पोथी पिशवीत भरून नेऊन दिली. स्वतःची इतकी लाज मला कधी वाटली नव्हती.

परवा तिला भेटायला गेलो तर ती गॅलरीत बसली होती, शेजारणीशी बोलत. मी आतल्या खोलीत आहे हे तिला ठाऊक होतं. शेजारीण विचारत होती, "आजी, तुमच्याकडे कसं आहे?"

"लई चांगलं हाय. दारावरनं साठ फुटी रस्ता जातोय. माज्या लेकानं केलाय."

"मग तिकडे का नाही राहत?"

"लेकीला करमत न्हाय माज्याबिगर, म्हणून आले."