हॉर्नबीच्या केळीच्या होड्या

"सोड! दादा, सोड ते! आत्ताच्या आत्ता सोड!"

काठावरून आमची थाई शेजारीण ओरडत होती. मी एव्हन नदीत मांडीभर पाण्यात, टॉग्स, म्हणजे पोहायची चड्डी घालून, व्हाइटबेट नावाचे चिमुकले मासे धरायची जाळी हातात घेऊन उभा होतो. जाळीत मासा नव्हता, तिची होडी होती. तिचा आवाज असा काही लागला की समोरच्या काठावरची बदकं उठली आणि, मी स्वतः पाहिलं, उंचीप्रमाणे रांगेत उभी राहिली.

मला वाटलं, कौतुक चाललंय. मी जाळी आणखी उंच केली.

"अहो!" आता बायको. "सोडा ना ते! कावळा शिवायच्या आत पिंड उचलल्यासारखं काय करताय!"

तेव्हा कुठे माझ्या डोक्यात उजेड पडला. तोवर होडीतली मेणबत्ती विझली होती आणि होडीची एक पाकळी जाळीत अडकून टर्रकन फाटली होती.

आता हे सगळं माझ्या केळीपासून सुरू झालं, म्हणून तिच्याबद्दल सांगतो. क्राइस्टचर्चमध्ये केळ जगत नाही असं सगळे म्हणतात. माझी जगली. हॉर्नबीतल्या आमच्या मागच्या अंगणात प्लास्टिकचं टनेल हाउस उभारून मी ती वाढवली. हिमकण पडायला लागले की तिला घरातल्या तिन्ही रजया गुंडाळायचो. आम्ही दोघं रात्र चादरीवर काढायचो. तिचं पान एवढं मोठं झालं की, विमानतळ जवळच असल्यामुळे, दोनचार वैमानिकांनी त्यावरून वाऱ्याची दिशा ओळखली असणार. बायकोने तिचे खुंट आमच्या सत्यनारायणासाठी राखून ठेवले होते.

शेजारीण इथल्या हॉस्पिटलात नर्स आहे. 'दादा' हे ती आमच्याकडूनच शिकली. तिच्या देशात नोव्हेंबरच्या पौर्णिमेला केळीच्या बुंध्याची चकती घेतात, तिच्याभोवती पानांच्या घडीच्या पाकळ्या टाचतात, मधे फुलं, उदबत्ती, मेणबत्ती लावतात आणि ही होडी, म्हणजे क्रथोंग, नदीत सोडतात. वर्षभर तुझं पाणी वापरलं, घाण केलं, माफ कर, असं नदीला म्हणायचं, आणि वर्षाचं दुःख होडीबरोबर पाठवून द्यायचं. इथे मात्र सगळ्या थाई मंडळींनी इतकी वर्षं थर्माकोलवर सॅटिनची रिबन डकवून कम्युनिटी हॉलमधल्या पोरांच्या फुगवायच्या तलावात ही हौस भागवली होती.

गेल्या वर्षी तिकडे तिची आई गेली. पाकळीची एक खास घडी त्या आईचीच होती. कुंपणावरून शेजारीण मला म्हणाली, "आता ती घडी फक्त माझ्या हातात आहे. मुलीला थर्माकोल दाखवून काय शिकवू?" मुलगी शाळेच्या शेवटच्या वर्षाला. आमच्या चिरंजीवांसारखीच, आईचं सगळं कळतं, उत्तर इंग्रजीत.

मी त्याच दिवशी केळ देऊन टाकली. बायको दोन दिवस माझ्याशी बोलली नाही, आणि तिसऱ्या दिवशी स्वतःच कोयता घेऊन अंगणात गेली. "सत्यनारायण मॉलमधल्या कुंडीवर होईल," म्हणाली. "त्यांची आई गेलीये."

कौन्सिलच्या, म्हणजे इथल्या महापालिकेच्या बाईंनी नदीवर परवानगी दिली, पण या वर्षापुरतीच, बघू म्हणून. जे सोडाल ते सगळं बाहेर काढायचं. नदीत काही राहिलं, तर पुढच्या वर्षी पुन्हा हॉलमधला तलाव. शिवाय केस, नखं, खाण्याचं काही टाकायचं नाही. इथल्या माओरी लोकांना पाण्यात तसलं टाकलेलं चालत नाही. थाई लोकांत कुणी कुणी होडीत केस-नखंही ठेवतात, पण शेजारीण लगेच कबूल झाली. "नदीची माफी मागायला जायचं आणि तिच्या माणसांचं ऐकायचं नाही?"

बाहेर काढायचं काम मी मागून घेतलं. पुण्यात दर गणपतीला मी घाटावर निर्माल्य गोळा करायचो. माझी अशी ख्याती की लोक हार गळ्यातून काढायच्या आत मी तो कलशात टाकलेला असे. त्याच सवयीने तिची पहिली होडी दोन हात गेली नाही तोच मी उचलली. दुःख निघालंच नव्हतं, आणि मी ते परत काठावर आणलं.

काठावर शेजारीण फाटक्या पाकळीकडे बघत होती. कौन्सिलच्या बाई बादली घेऊन माझ्याकडे.

"मम, पास मी अ लीफ," मुलगी म्हणाली.

ती गवतावर मांडी घालून बसली. पान पुसलं, पट्टी फाडली, एकदा आत, एकदा बाहेर, टोक असं मुडपलं की पाकळीला मान फुटली. बांबूची काडी टोचून तिने ती जागेवर बसवली. बाकीच्या पाकळ्यांत नवी कुठली, ते मला ओळखता आलं नाही.

"कधी शिकलीस?" आई.

"तू करायचीस की रिबनने. हीप्स ऑफ टाइम्स बघितलंय." हे इंग्रजीतच. पुढचं एक वाक्य मात्र थाईत बोलली. ते मला कळलं नाही, पण आईने तोंड फिरवून नदीकडे केलं आणि बराच वेळ तिकडेच ठेवलं.

होडी पुन्हा सोडली. मागोमाग सगळ्यांच्या. इथे नोव्हेंबर म्हणजे उन्हाळ्याचं तोंड, साडेआठ वाजले तरी आकाशात उजेड होता, पण मेणबत्त्या दिसत होत्या. मला जाळीसकट दूर खालच्या वळणावर पिटाळण्यात आलं. मी थांबलो. इतका थांबलो की एक बगळा मला खांब समजून खांद्यावर बसायच्या बेतात होता. होड्या वळणापर्यंत आल्या, जागीच घुटमळल्या, आणि मग सगळ्याच्या सगळ्या वळून उलट्या निघाल्या. मी पाण्यातून धावलो. आपटलो. समुद्र जवळ, भरती चढत होती, आणि माझ्या पोहोचण्याआधी सगळा ताफा आपणहून काठाला लागलासुद्धा.

दुःख पाठवलं आणि ते पत्ता शोधत परत आलं! पण शेजारणीने वाकून आपली होडी उचलली. मेणबत्ती जळून संपली होती, उदबत्तीची राख झाली होती. "रिकामी आली," ती म्हणाली, आणि ती नवी पाकळी तेवढी सोडवून मुलीच्या हातात दिली. घरी आमच्या केळीच्या बुडाशी दोन मुनवे फुटलेत, हे बायकोने तिला तिथेच सांगून टाकलं.

मी मात्र निथळत कौन्सिलच्या बाईंसमोर उभा राहिलो. बाई, चूक माझी, म्हणालो. जाळी माझी, हात माझा. हवं तर मला जन्मभर या नदीवरून हद्दपार करा, पण या लोकांना पुन्हा त्या तलावात घालू नका!

बाईंनी शेवटची होडी बादलीत ठेवली, वाकून पाण्यात इकडेतिकडे बघितलं, आणि म्हणाल्या, "पुढच्या वर्षी आधी भरतीची वेळ बघा."