एका बाटलीत सगळे इलाज

हॅरिस पार्क या परदेशातल्या आमच्या भारतीय वस्तीत किराणा दुकानाच्या दाराशी एक काका टेबल मांडून स्वतः बनवलेलं तेल विकायचे. बाटलीवर फेटा बांधलेला त्यांचाच फोटो. येणाऱ्याच्या चालीकडे बघून, इथल्या लोकांसारखं दोस्ताला 'मेट' म्हणत सांगायचे, "डावा गुडघा ना? दोन आठवडे चोळा, मेट, पळायला लागाल!" दीडशे वर्षांपूर्वी इथल्याच एका गोऱ्याने सगळ्या रोगांवर एकच औषध विकून बंगला बांधला, ही गोष्ट ते सख्ख्या काकाची सांगावी तशी सांगायचे. मला ते भोंदू वाटायचे.

गेल्या वर्षी आई पुण्याहून आली होती. खांदा दुखतोय म्हणून तिने त्यांच्या टेबलावरची बाटली उचलली. कळ कुठून कुठे जाते, घाम येतो का, असं त्यांनी विचारलं आणि बाटली तिच्या हातातून काढून घेतली.

"ताई, हे तेलाचं काम नाही." मग माझ्यावर ओरडले, "बघतोस काय? ॲम्ब्युलन्स बोलव!"

तो हार्ट अटॅक होता. आई वाचली.

पुढे कोणीतरी त्यांच्या तेलाची सरकारकडे तक्रार केली, चौकशी लागली. ते माझ्याकडे आले.

"तुझ्या आईचं काय झालं, ते दोन ओळींत लिहून देशील?"

माझा पीआरचा, म्हणजे इथे कायम राहण्याच्या परवान्याचा, अर्ज तेव्हा अडकला होता. सरकारी चौकशीत नाव यायला नको, म्हणून मी म्हणालो, "बघतो, काका."

पीआर आल्यावर पत्र लिहून घेऊन गेलो, तर टेबल उचललेलं होतं. ते कुठे गेले, दुकानदारालाही माहीत नव्हतं.

परवा आईने फोनवर विचारलं, "त्यांना माझा नमस्कार सांगितलास ना?"

मी हो म्हणालो.