तोंड झाकलेली माणसं

क्वीन्सटाउनच्या आमच्या ब्लॉकखाली खाण्याच्या टपऱ्यांच्या हॉकर सेंटरमध्ये कोपी, म्हणजे इथली कॉफी, पिता पिता कुणी मयताच्या गोष्टी सांगत असेल, तर ते आमचे चीफच. बोटीवर चीफ इंजिनिअर होते, निवृत्तीनंतरही नाव तेच राहिलं.

तरुणपणी त्यांची बोट इटलीच्या एका बंदरात दुरुस्तीसाठी अडकली. धक्क्यामागचं एक एवढंसं चॅपेल तेव्हा त्यांच्या डोक्यात बसलं ते कायमचं. पाचशे वर्षांपूर्वी तिथल्या न्हाव्यांनी, सुतारांनी, शिडं शिवणाऱ्यांनी मिळून मंडळ काढलं होतं. किनाऱ्याला लागलेली बेवारशी प्रेतं उचलायची आणि घरच्यासारखी पुरायची. कुणी उचललं ते कळू नये म्हणून तोंडावर काळं कापड. भिंतीवर चित्रही त्याचंच. "अख्ख्या भिंतीवर उघडा चेहरा एकच, मेलेल्याचा," चीफ सांगायचे. गणपतीत प्रसादाच्या रांगेतसुद्धा सांगायचे. लोक वैतागायचे. मीसुद्धा.

पण इथे परदेशात बोटीवर आपलं मराठी कुणी गेलं, की शवागारात जाणार चीफच. आम्ही बाकीचे व्हॉट्सअ‍ॅपवर हात जोडणारे. घरच्यांना व्हिडिओ कॉलवर ते चेहरा दाखवायचे. "त्याशिवाय आईला पटत नाही," म्हणायचे.

देवगडचा एक ऑइलर, इंजिनाला तेलपाणी करणारा पोरगा, इंजिनरूमच्या आगीत गेला. घरी नुसता अपघात म्हणून कळवलं होतं. आईशी बोलायला बाई हवी म्हणून चीफनी मला सोबत नेलं. ते आत जाऊन आले आणि बाकावर बसले. फोन खिशातच.

"त्या चित्रकारानं बुडालेला माणूस झोपल्यासारखा रंगवलाय," म्हणाले. "इतकी वर्षं मी त्याला खोटारडा म्हणत आलो."

मग त्याच्या आईला फोन लावला, नुसता आवाजाचा. "ताई, इथे दाखवू देत नाहीत. नियम आहे."

"मगे पेटी इल्यावर बघतलंय मी," ती म्हणाली.

बायपास झालेला हा म्हातारा पेटीबरोबर देवगडला गेला. तिथून त्यांचा फोन आला. "शेवटपर्यंत उघडू दिली नाही मी."

"आई काय म्हणाली?"

"शिव्या दिल्या. लेकराचं तोंड पाहू दिलं नाही म्हणून, गावासमोर."

"अहो, भाजल्याचं सांगायचं ना तिला."

"मग ती जन्मभर तेच बघत बसेल. शिव्या परवडल्या."

यंदा चीफ गेले. मला फार एकटं वाटलं. न राहवून देवगडला फोन केला, पेटीबरोबर आले होते ते वारले म्हणून.

"मेलो? बरा झाला," ती म्हणाली.

खरं काय ते सगळं जिभेवर आलं होतं. गिळलं, आणि फोन ठेवला.