अर्डिसच्या पट्टीवरची हरकत

अर्डिस कुबिचेक आमच्या जिल्हा कोर्टात लघुलेखिका होती. जजसाहेबांच्या समोर, जरा खालच्या पातळीवर तिची खुर्ची. पुढ्यात ते छोटं यंत्र. कोर्टात कुणीही तोंड उघडलं की तिची बोटं हलायची आणि कागदाची अरुंद पट्टी घडी घालत खाली उतरत जायची. नंतर त्या खुणांवरून ती टाइप करून कामकाजाची प्रत काढायची. मी तळमजल्यावर, अर्ज दाखल करायच्या खिडकीवर होते. बारा वाजता आम्ही दोघी मागच्या खोलीत एकत्र जेवायचो. शुक्रवारी ती तिच्या आईच्या पद्धतीचे कोलाचे, म्हणजे खसखस भरलेले गोड पाव, आणायची आणि मला म्हणायची, "मोजू नकोस, खा."

नेब्रास्कातलं आमचं गाव म्हणजे मक्याच्या शेतांमधला एक चौक. त्यामुळे बियाण्यांचं गोदाम जळालं त्या वर्षी दुसरा विषयच नव्हता. आळ आला वेस्ली टॅकेटवर. गोदामाच्या मालकाने त्याला महिन्यापूर्वीच कामावरून काढलं होतं. खटला चार दिवस चालला, ज्यूरीने दोषी ठरवलं आणि वेस्ली तुरुंगात गेला.

दुसऱ्या आठवड्यात त्याची आई ओपल माझ्या खिडकीशी आली. अपिलाचा कागद पुढे सरकवत म्हणाली, "आता राजधानीत, लिंकनच्या वरच्या कोर्टातल्या जजांसमोर मी सगळं सांगते. तो त्या रात्री माझ्या घरी होता."

"बाई, तिथे कुणाला उभं करत नाहीत," मी म्हटलं. "साक्षी नाहीत, ज्यूरी नाही. इथे जे बोललं गेलं त्याची प्रत वर जाते. तीन जज ती वाचतात आणि इथल्या जजांचं कुठे चुकलं का, एवढंच बघतात."

"मग वेस्लीचं नशीब त्या कुबिचेकबाईंच्या टायपिंगवर?"

"तसंच समजा."

अर्डिसने नऊशे पानांची प्रत तयार करून खाली सही केली. महिनाभराने मी अर्डिसकडे वर गेले असताना वेस्लीचे वकील, म्हातारे मायलो स्टेर्बा, ती प्रत काखेत धरून धापा टाकत जिना चढून आले.

"अर्डिस, माझी हरकत कुठे गेली?"

"कुठली हरकत?"

"शेरीफचा माणूस म्हणाला ना, की पकडल्यावर वेस्ली गप्प बसला, निर्दोष असता तर बोलला असता! तेव्हा मी उठून हरकत घेतली होती. पानावर नाहीच!"

"मायलो, तुम्ही बोलता ते तुमच्या टायलाच ऐकू जातं," अर्डिस शांतपणे म्हणाली. "पानावर नाही म्हणजे तुम्ही बोलला नाहीत."

स्टेर्बा खुर्चीत बसले. राग गेला होता, नुसता थकवा उरला होता. "गप्प बसण्याचा हक्क देशाच्या राज्यघटनेने दिलाय. तो ज्यूरीसमोर त्याच्याविरुद्ध वापरता येत नाही. पण तिथल्या तिथे हरकत घेतली नसेल, तर लिंकनचे जज तो मुद्दा हातात घेणार नाहीत. आणि राज्याच्या कोर्टात रीतसर मांडला नाही, तर पुढे देशाचं फेडरल कोर्टही म्हणणार, आधी का नाही बोललात? दोन्ही दारं त्या एका शब्दाअभावी बंद झाली."

त्या शुक्रवारी अर्डिसने कोलाचे आणले नाहीत. शनिवारी सकाळी कोर्ट बंद असताना तिने मला बोलावून घेतलं. टेबलभर पट्ट्या पसरल्या होत्या. त्यातली एक तिने माझ्यापुढे धरली. मला त्यातलं अक्षर कळत नव्हतं.

"ही बघ. साक्षीदाराच्या वाक्यात मध्येच एक ठोका आलाय. टाइप करताना मला वाटलं, बोट चुकून पडलं, म्हणून मी सोडून दिला." तिने त्या ठोक्यावर बोट ठेवलं. "पण 'हरकत' हा शब्द मी असाच, एका ठोक्यात लिहिते. मी ऐकलं होतं गं. बोटांनी लिहिलं, आणि मीच पुसलं."

"पण जजसाहेबांचं उत्तर?"

"ते बोललेच नसणार. नुसता हात हलवला असेल, चालू द्या म्हणून. हात मी लिहीत नाही."

मी हळूच म्हटलं, "अर्डिस, ही पट्टी तुझ्याशिवाय कुणाला वाचता येत नाही."

तिने माझ्याकडे असं पाहिलं की मला खिडकीबाहेर बघावं लागलं. सोमवारी तिने स्वतःच आपली चूक कोर्टाला लिहून दिली.

सरकारी वकिलाने दुरुस्तीला विरोध केला, म्हणून सुनावणी झाली. शेजारच्या जिल्ह्यातली लघुलेखिका अर्डिसच्या जागी बसली आणि अर्डिस साक्षीदाराच्या खुर्चीत. शपथ घेताना तिची बोटं मांडीवर हलत होती, स्वतःचंच बोलणं टिपत असल्यासारखी.

"किती वर्षं हे काम करता?" सरकारी वकिलाने विचारलं.

"सव्वीस."

"आणि अशा चुका किती?"

"मला कळलेली ही पहिली. न कळलेल्या मला कशा माहीत असणार?"

मागे कुणीतरी हसलं. आमचे जजसाहेब लिंडक्विस्ट हसले नाहीत. दुरुस्ती मान्य केली की त्यांचा स्वतःचा चुकलेला निर्णय वर जाणार होता. त्यांनी पट्टी हातात घेऊन पाहिली. "मला आठवत नाही," ते म्हणाले, "पण माझी अशी हात हलवायची सवय आहे खरी. दुरुस्ती मंजूर."

लिंकनला अर्डिस पदरची रजा टाकून गेली. सव्वीस वर्षं तिचे कागद तिथे जात होते, ती पहिल्यांदाच गेली. परत आल्यावर म्हणाली, "दोन्ही वकिलांना मोजून दहा-दहा मिनिटं. एका जजबाईंनी ते पान काढून मोठ्याने वाचलं. माझंच पान, आणि मी मनातल्या मनात एकेक शब्द ताडत होते."

चार महिन्यांनी निकाल आला: खटला नव्याने चालवा.

दुसऱ्या खटल्यात शेरीफच्या माणसाला ते वाक्य बोलू दिलं नाही. ज्यूरी दोन दिवस आत बसली, आणि बाहेर येऊन तिने वेस्लीला पुन्हा दोषीच ठरवलं. अर्डिसने तेही टिपलं. शिक्षा मात्र पहिल्यापेक्षा दोन वर्षांनी कमी झाली.

ओपल खिडकीशी आली तेव्हा मी अपिलाचा कोरा कागद काढून ठेवला होता. तिने तो परत माझ्याकडे सरकवला.

"स्टेर्बा म्हणतात, या वेळी धरण्यासारखं काही नाही. वेस्लीही नको म्हणतोय. मला अजूनही वाटतं तो माझ्या घरी होता. पण मीही तेव्हा झोपलेच होते की." तिने पर्स बंद केली. "त्या बाई वर आहेत का?"

मी जिन्याकडे बोट दाखवलं. ती कठड्याला धरून हळूहळू वर गेली. दोघी काय बोलल्या ते अर्डिसने मला कधी सांगितलं नाही, आणि मीही विचारलं नाही. त्या दिवशी ती जेवायला मात्र अर्धा तास उशिरा आली.