वावर गेलं 'हाव'मध्ये

मंडळी, आज पिंपळगाव राजाला आमच्या पोलिश दिग्दर्शिकेला घेऊन गेलो होतो. दोन देशांच्या सिनेमासाठी वसंतकाकांचं विहिरीचं वावर, म्हणजे शेत, हवं होतं. मी विचारलं, काका म्हणाले, "हाव." वऱ्हाडीत 'हाव' म्हणजे 'हो'.

तेवढ्यात फोन आला म्हणून मी बांधावर गेलो. इकडे बाईंनी ते 'हाव' इंग्रजीतलं 'हाऊ', म्हणजे 'कसं?', असं ऐकलं. मग हातवारे करून समजावणं सुरू झालं: चाळीस माणसं, क्रेन, जनरेटर. काका "हाव, हाव" म्हणत राहिले आणि बाई आणखी खोलात शिरत राहिल्या.

मी परतलो तेव्हा काका भडकलेले. "भाऊ, म्या तं कवाच हाव म्हनलं! तरी ह्या मॅडम इतकं काऊन समजावून राह्यल्या? काहीतरी लफडं हाय. आता वावर भेटत नाही, जा!"

परवापासून शूटिंग आहे. आमच्या करारात दोन्हीकडच्या वकिलांनी भाषेवर चार पानं खर्च केलीत, त्यात 'हाव' कुठेच नाही.

संध्याकाळपासून येरझाऱ्या घालतोय. वीस वर्षं परदेशी लोकांबरोबर सिनेमे काढतोय. मिळालेले किती होकार मी असेच समजावून समजावून घालवले असतील? तुमचाही एखादा गेलाय का?