रब्बींच्या मुली आणि पुलगावचा शनिवार

या वयात थर्ड क्लासचा प्रवास नको, असं सगळे म्हणत होते. पण पुलगावहून भाची रिबकानं कळवलं, "पप्पा खंगत चाललेत, आत्या." मग निघाले. मुंबईहून पॅसेंजरनं जाणार असाल तर सुरई आणि उशी घ्याच. गाडी कुठंही थांबते. बडनेऱ्याला चहा बरा मिळाला. पुलगावला उतरले तेव्हा केसांत कोळशाची कणी होती आणि पाय सुजले होते. टांगेवाल्यानं आठ आणे घेतले.

बेनू, माझा धाकटा भाऊ, दारूगोळ्याच्या डेपोत कारकून. त्या गल्लीत आम्हा बेने इस्रायलांचं, म्हणजे मराठी यहुद्यांचं, घर त्याचं एकच; शनिवार आमचा विसाव्याचा, कुठल्या कामाला हात लावायचा नाही. शेजारच्या गंगाबाई म्हणाल्या, "शनवारी यांची चूल पेटत नाई, मंग मीच चहा आणून देतो. लय कुरकुर करते तुमचा भाऊ."

"साखर किती घालता ते सांगा तिला," बेनू आतून म्हणाला.

शनिवारी दुपारी तो भिंतीकडे तोंड करून पडला होता. "आक्का, मला मुलगा नाही. माझ्यामागे कद्दिश कोण म्हणणार?" बापामागे मुलानं म्हणायची ही आमची प्रार्थना. रिबका ती शिकवा म्हणून केव्हाची मागे लागली होती. तो टाळत होता.

मी बाबांची गोष्ट काढली. लहानपणी शनिवारी जेवणानंतर ते हीच सांगायचे. फ्रान्समधले जुन्या काळचे एक रब्बी, म्हणजे आमचे धर्मपंडित, विद्येसाठी थेट जर्मनीपर्यंत गेलेले. परत येऊन द्राक्षमळ्यांच्या गावात राहिले आणि तालमूद या अवघड धर्मग्रंथाचा अर्थ पोरांनाही कळेल असा लिहिला.

"पाठ आहे मला," बेनू म्हणाला.

"त्यांना मुलगा नव्हता. मुलीच होत्या. त्यांनाच शिकवलं. म्हातारपणी हात चालेना, तेव्हा ते सांगायचे आणि मुलगी लिहायची."

"हे बाबांनी मला कधी सांगितलं नाही."

"दर वेळी सांगायचे. तू तोवर झोपलेला असायचास."

 मग तो कूस बदलून म्हणाला, "रिबका, बस इथं." शनिवारी लिहायचं नाही, म्हणून ती एकेक ओळ ऐकून म्हणत राहिली. गिरणीचा भोंगा झाला, चहा निवला, तरी दोघं थांबली नाहीत.

निघताना तो दारापर्यंतच आला. संत्र्यांची पिशवी घेऊन रिबका स्टेशनवर आली. ओठ हलतच होते.

घरी येऊन आठवडा झाला, कंबर अजून धरलेली आहे. काल ती प्रार्थना म्हणून पाहिली. कॉन्व्हेंटात सिस्टरांनी शिकवलेली गाणी सगळी येतात; ही पहिल्या ओळीपुढे येईना. बाबांनी गोष्टीचा शेवट मला दिला, प्रार्थना त्या झोपाळूला. उरलेल्या ओळी आता रिबकाकडून घ्यायच्या, म्हणजे पुन्हा तीच पॅसेंजर.