नऊ फूट, चारशे किलो

गादी करायला सांगायची तर आमच्याकडे दोन आकडे पुरतात: किती फुटांची आणि किती किलोची. सहा बाय तीन, दहा किलो. सहा बाय चार, चौदा किलो. फुटांवरून कापड ठरतं, किलोंवरून कापूस. पुढचं गादीवाल्या जानरावभाऊंवर सोडून आपण घरी जावं.

पण लोक घरी जात नाहीत, इथेच मेख आहे. गादीवाल्यावर जगाचा कायमचा संशय, की हा आपला कापूस मारतो. म्हणून जुनी गादी पिंजायला घातली की घरातलं कुणीतरी खुर्ची टाकून समोर बसतं. मीही लग्नानंतर पहिल्या वर्षी सासूबाईंच्या हुकमावरून बसले होते. मला फार अवघडल्यासारखं झालं होतं, तर जानरावभाऊच म्हणाले, "बसा वयनी, नीट डोया ठेवा. नाई तं मंग म्हनसान, जानरावनं कापूस खाल्ला."

मूळचे ते बाळापूरकडचे. घरची काळी जमीन धाकटा भाऊ पाहतो. जानरावभाऊंनी अकोल्यात एका चाचांच्या हाताखाली पिंजण्याचं काम शिकून घेतलं आणि अमरावतीला येऊन टिनाच्या शेडमध्ये दुकान मांडलं. आता पिंजायला यंत्र आहे, आणि फोमच्या गाद्या गुंडाळून खोक्यातून घरपोच येतात, त्यामुळे गिऱ्हाईक रोडावलं. काटा मात्र अजून दारातच टांगलेला. कापूस आधी तोलायचा, गादी झाल्यावर पुन्हा तोलायची, गिऱ्हाइकाच्या डोळ्यांदेखत. एकदा मोर्शीला आंदणात दिलेली गादी अर्धा किलो कमी आहे असं कुणीतरी म्हणालं, तर दुसऱ्या दिवशी हे काटा घेऊन मोर्शीला हजर. लग्नघरच्या अंगणात शिवण उसवून, कापूस तोलून, परत शिवून दिली. भरली बरोबर, वर पाहुण्यांकडचं जेवणही झालं.

माझी भाची देवश्री इथल्या एका कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवते. जानेवारीत तिला तालुक्या-तालुक्यांतल्या शाळांसाठी प्रदर्शन भरवायचं होतं, आणि त्यात समुद्रातला एक प्रचंड मासा हवा होता, खऱ्या मापाचा. जायंट ग्रुपर त्याचं नाव. कोकणात ह्या जातीच्या माशांना हेकरू म्हणतात, गोब्राही म्हणतात. आमच्या पोरांनी पाहिलेला सगळ्यात मोठा मासा म्हणजे अप्पर वर्धा धरणातला एखादा रोहू. थर्मोकोलचा केला तर पोरं पहिल्या तासात त्याचा भुगा करतील, म्हणून मीच म्हटलं, कापसाचा कर. तिने चिठ्ठी लिहिली: लांबी नऊ फूट, वजन चारशे किलो. खाली चित्र. ती चिठ्ठी मी नेऊन दिली आणि म्हटलं, "जसं लिहिलंय तसंच करा हं भाऊ." तीस वर्षं गाद्या करून घेतलेली बाई मी, पण माझ्याही लक्षात आलं नाही की आपण काय बोलून बसलो.

पहिले तीन दिवस मजेत गेले. जानरावभाऊंना सगळं नीट समजून घ्यायचं होतं. गोब्रा हे नाव ऐकून ते म्हणाले, शेणावरून नाव कावून ठेवलं म्हणे, एवढा मोठा जीव आहे. देवश्रीने फोनवर सांगितलं की ह्याचा शेणाशी काही संबंध नाही. हा मासा पाठलाग करत नाही, कपारीत दबा धरून बसतो आणि भक्ष्य जवळ आलं की एकदम जबडा उघडतो, पाण्यासकट सगळं आत ओढलं जातं. चावायची भानगड नाही, सरळ गिळायचं. मग जानरावभाऊंनी तोंडाला आतून लाल अस्तर लावलं आणि पोराचं डोकं मावेल एवढा जबडा ठेवला. लहानपणी हे मासे पिवळे-काळे असतात आणि मोठेपणी करडे-तपकिरी होतात हे कळल्यावर आधी आणलेलं पिवळं कापड त्यांनी मुकाट्याने बाजूला ठेवलं.

देवश्रीने पुढे सांगितलं की ह्या जातीतले बरेचसे आधी मादी असतात आणि मोठे झाल्यावर त्यांतले काही नर होतात. जानरावभाऊंनी भरणंच थांबवलं. मग, "मंग मी काय भरून राहिलो? हे आधी सांगा मॅडम."

एवढा मोठा म्हणजे बहुतेक नरच, ती म्हणाली. त्यांनी पुठ्ठ्यावर लिहून घेतलं: बहुतेक नर.

चौथ्या दिवशी त्यांनी फोन उचलला नाही. पाचव्या दिवशीही नाही. प्रदर्शन दोन दिवसांवर आलेलं, म्हणून मी ऑटो करून दुकानात गेले. शेडमध्ये नऊ फुटांचा मासा आडवा पडलेला, दरवाज्यासारखा कडक. पोटाजवळची शिवण ताणून ताणून पांढरी पडली होती. जानरावभाऊ त्याच्याकडे पाठ करून बसले होते.

"बासष्ट किलो गेला," ते म्हणाले. "पायानं दाबला, मोगरीनं ठोकला. तीनशे अडतीस किलो कमी आहे वयनी. असा माल मी आजवर दुकानाबाहेर काढला नाई."

मला आधी हसू आलं. मग त्यांचा चेहरा पाहिला आणि मी हसू गिळलं. सारा घोटाळा माझ्या लक्षात आला. मी देवश्रीला बोलावून घेतलं. तिने समजावलं की चारशे किलो हे मांस-हाडांचं वजन, खऱ्या माशाचं, कापसाचं नव्हे. ते जानरावभाऊंना पटलं. पण त्यांची अडचण वेगळीच होती. माशाजवळच्या पाटीवर चारशे लिहिणार, लोक उचलून पाहणार, आणि आख्खी पंचक्रोशी म्हणणार की जानरावने तीनशे अडतीस किलो खाल्ले. तुम्ही वजन लिहूच नका, असं त्यांचं म्हणणं.

देवश्रीही हटेना. ती म्हणाली, वजन काढलं तर राहिलं काय. हे मासे सावकाश वाढतात, उशिरा वयात येतात, अंडी घालायला ठराविक जागी जमतात, आणि तिथेच जाळं पडलं तर त्या भागातून नाहीसे होतात. मेळघाटातला वाघ वन्यजीव कायद्याच्या ज्या पहिल्या अनुसूचीत आहे, तिच्यातच हा मासा आहे. एवढा जीव व्हायला किती वेळ लागला हे पोरांना त्या चारशेवरूनच कळेल.

शेवटी जानरावभाऊ म्हणाले, "लिहा. मी बाजूले उभा राहतो."

कॉलेजकडे नेताना त्यांनी मासा वाटेतल्या धर्मकाट्यावर घातला. कापूस-सोयाबीनच्या ट्रकांच्या रांगेत मालवाहू ऑटो, त्यातून बाहेर आलेली शेपटी. काटेवाल्याने माल काय लिहू असं विचारलं. ह्यांनी सांगितलं, गोब्रा. तो काटा दहा-दहा किलोंनी मोजतो, रिकाम्या ऑटोचं वजन वजा जाऊन पावती आली साठची. ह्यांनी खाली पेन्सिलने "हातकाट्यावर ६२" लिहून सही केली आणि पावती माशाच्या पराला टाचणीने लावली.

प्रदर्शनाच्या दिवशी इस्त्रीचा पांढरा सदरा घालून ते माशाजवळ उभे होते. प्रत्येक टोळीला आधी पावती वाचायला लावत. मग पाटीवरचे चारशे दाखवत, आणि चार पोरांना मासा उचलायला लावून सांगत, असे साडेसहा भरले तर एक खरा होतो. पोरं जबड्यात डोकी घालत होती ती वेगळीच.

दुपारी खुशालराव आले. मोर्शीकडचे संत्रेवाले, नातीला घेऊन आलेले, मोठ्या आवाजाचे. पाटी वाचली, पावती वाचली आणि सगळ्या दालनाला ऐकू जाईल असं विचारलं, "का हो जानराव, बाकीचा कापूस कुठी गेला?"

लोक हसले. मला वाटलं, आता हे मासा उसवतात की काय. देवश्री माझ्याजवळच उभी होती.

जानरावभाऊंनी घाई केली नाही. "बाकीचा कापूस नव्हताच खुशालरावभाऊ. ते मांस आहे. मी गादी चार तासांत भरतो, कमी भरली तं उसवून पुना भरतो. ह्याले भराले किती वर्सं लागली असतीन, हे ह्या मॅडमलेई नक्की सांगता येत नाई. जायात सापडून मेला तं कोन भरन मंग तो?"

खुशालराव माशाकडे वळले. नातीने विचारलं, आजोबा, हा आपल्या धरणात राहील का? त्यांनी तिला सांगितलं की नाही, ह्याला समुद्र लागतो, आणि तिला माशाच्या दुसऱ्या बाजूला घेऊन गेले. शेपटीपर्यंत पावलं मोजत गेले, मोजत परत आले आणि म्हणाले, "लांबीत कमी नाई बा."

प्रदर्शन संपल्यावर कॉलेजने मासा ठेवून घेतला. कायमची पाटी करायची तर काय लिहू, असं देवश्रीने विचारलं. जानरावभाऊंनी पेन्सिल काढून पुठ्ठ्यावर स्वतः मजकूर लिहून दिला, आणि तिने त्यातलं एक अक्षर बदललं नाही. आज प्रयोगशाळेच्या दारावर तो मासा टांगलेला आहे आणि खाली पाटी आहे: "लांबी बरोबर. वजनात तीनशे अडतीस किलो कमी, ते समुद्रातल्यात आहे. भरणारा: जानराव."